दुसरा फटका

(भाग ३७ चा मजकूर. बसमध्ये इअरफोन विसरलेल्यांसाठी. बोलतानाचे ‘म्हणजे’ आणि ‘अ‍ॅक्च्युअली’ बरेचसे काढलेत, सगळे निघाले नाहीत.)



हा भाग मी तीन वेळा रेकॉर्ड केला आणि दोन वेळा डिलीट केला. माझा एक वकील मित्र आहे, त्याने तर सरळ सांगितलं की करूच नकोस, स्वतःच्या तोंडाने कशाला सांगत बसतोस. त्याचं बरोबर असेल. पण तुम्ही बरेच दिवस मेल करताय की भांडण, मारामारी, रोड रेज यावर बोल. आणि एकाने विचारलेला प्रश्न माझ्या डोक्यातून जात नाहीये. तो म्हणतो, “समोरच्याने सुरुवात केली असेल तर मी जे करतो ते सगळं सेल्फ डिफेन्सच ना?”

मी पण असंच समजत होतो. गेल्या वर्षीच्या जुलैपर्यंत.

तर जुलै. पुणे. पावसाचं तुम्हाला माहितीच आहे, धड पडतही नाही आणि थांबतही नाही. सकाळपासून ऑफिसमध्ये प्रॉडक्शनचा एक घोळ चालू होता, क्लायंटच्या कॉलवर तीन तास शिव्या सोडून बाकी सगळं ऐकून घेतलं होतं. साडेआठच्या पुढे कधीतरी सोसायटीत पोचलो, तर माझ्या पार्किंगच्या जागेत एका डिलिव्हरीवाल्याची बाइक आडवी. मी गाडी पावसातच लावली, हेल्मेट काढून कोपरात अडकवलं आणि उभा राहिलो. दोन मिनिटांनी तो लिफ्टमधून बाहेर आला. डोक्यावर पूर्ण तोंड झाकणारं हेल्मेट, काच खाली. मी ओरडलो. काय ओरडलो ते आता नीट आठवत नाही, म्हणजे आठवतं, पण इथे सांगण्यासारखं नाही. तो दोन पावलं पुढे आला आणि त्याने दोन्ही हात वर घेतले.

मला वाटलं, मारतोय.

मी दोन्ही हातांनी त्याला ढकललं. ओल्या फरशीवर त्याचा पाय सरकला, तो बाइकवर आदळला, हेल्मेट निघून गडगडत गेलं, हातातला फोन पडला. मग मी त्याला माझं हेल्मेट मारलं. खांद्यावर आणि कानावर. तेवढ्यात वॉचमन काका धावत आले आणि त्यांनी मला मागे ओढलं. बस. सगळा प्रकार अर्ध्या मिनिटाचा.

वर घरी गेलो तेव्हा हात थरथरत होते. आईने विचारलं काय झालं. मी म्हणालो, “एक जण अंगावर आला, झटापट झाली.”

हा ‘झटापट झाली’ शब्द बघा. आपल्या भाषेत याची मोठी सोय आहे. झटापट झाली, वाजलं, हात उचलला गेला. कोणी वाजवलं, कोणी उचलला, ते वाक्यात यायची गरजच नाही. आपण शाळेत कर्मणी प्रयोग शिकलो तेव्हा मला वाटायचं हे कशाला शिकायचं. आता कळतंय कुठे वापरतात.

सोसायटीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर दहा मिनिटांत बातमी पसरली. “बरोबर केलंस.” “या लोकांना माज आलाय.” अंगठे, मुठी, एकाने तर सिंहाचं स्टिकर टाकलं. तिसऱ्या मजल्यावरच्या काकूंनी मला न विचारता त्या अ‍ॅपवर तक्रारही करून टाकली. मी काय केलं? मी खाली “थँक्यू सगळ्यांना” असं लिहिलं. खोटं कशाला बोलू, बरं वाटलं होतं.

चार दिवसांनी कमिटीने विषय मीटिंगमध्ये घ्यायचा म्हणून सीसीटीव्हीचं फुटेज काढलं. आमच्या कमिटीत कॉम्प्युटरचं काहीही असलं की मला बोलावतात, त्यामुळे स्वतःचं फुटेज मीच कॉपी करायला बसलो. आवाज नाही, फक्त चित्र, कोपऱ्यात वेळ.

२०:४१:०७. मी ढकलतो.

२०:४१:१३. हेल्मेट त्याच्या कानाला लागतं.

मध्ये सहा सेकंद आहेत. माझ्या डोक्यात ते सहा सेकंद नव्हतेच. मी शपथेवर सांगितलं असतं की सगळं एकाच झटक्यात झालं. मी लॉग वाचून पोट भरणारा माणूस आहे. ऑफिसमध्ये कोणी “एकाच वेळी झालं” म्हणालं तर मी पहिल्यांदा टाइमस्टॅम्प मागतो. आणि इथे टाइमस्टॅम्प समोर होता. त्या सहा सेकंदांत काय दिसतं? तो माणूस खाली वाकलाय. माझ्याकडे त्याची पाठ आहे. तो फरशीवर फोन शोधतोय. आणि मी कोपरातलं हेल्मेट काढतो, उजव्या हातात घेतो, त्याचा पट्टा नीट मुठीत धरतो, आणि एक पाऊल पुढे जातो. पट्टा नीट मुठीत धरतो. हे मी सतरा वेळा मागे-पुढे करून बघितलं.

त्या रात्री मी कायदा वाचायला बसलो. खरं कारण सांगतो: मला सुटका हवी होती. कुठेतरी लिहिलेलं असेल की हे चालतं, असं वाटत होतं.

आपल्याकडे याला खाजगी बचावाचा हक्क म्हणतात. जुन्या भारतीय दंड संहितेत तो कलम ९६ ते १०६ मध्ये होता, १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली, तिच्यात तो ३४ ते ४४ मध्ये आहे. मजकूर बहुतेक तोच. बऱ्याच जणांना वाटतं आपला कायदा म्हणतो मार खा आणि पोलिसांची वाट बघ. तसं अजिबात नाही. कायदा खूप मोकळा आहे. स्वतःचाच नाही तर दुसऱ्याचाही बचाव करता येतो, अगदी अनोळखी माणसाचाही. शरीराचा करता येतो, मालमत्तेचाही. मृत्यूची किंवा गंभीर दुखापतीची वाजवी भीती असेल, बलात्काराचा हल्ला असेल, अपहरणाचा असेल, अ‍ॅसिड फेकण्याचा असेल, तर समोरच्याचा जीव गेला तरी तो गुन्हा नाही. हे कलम ३८. अ‍ॅसिडचा मुद्दा २०१३ च्या दुरुस्तीत आला.

पळून जाता येत असताना पळालाच पाहिजेस, असंही आपली न्यायालयं म्हणत नाहीत. आणि नेमकं मोजूनमापून मारायचीही अपेक्षा नाही. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीचा सर्वोच्च न्यायालयाचा देव नारायण विरुद्ध उत्तर प्रदेश हा निकाल वाचा. समोरच्यांकडे लाठ्या, याने भाला चालवला. उच्च न्यायालय म्हणालं, लाठीला भाला म्हणजे जास्त झालं. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, डोक्यात बसलेली एक लाठी माणूस मारायला पुरते, त्या क्षणी त्याने सोनाराच्या काट्यावर तोलून वार करावा अशी अपेक्षा धरू नका. सोडला त्याला. २०१० च्या दर्शन सिंग विरुद्ध पंजाब या निकालातही हीच भूमिका सविस्तर मांडली आहे.

इथपर्यंत मी खुश. मग दोन जागी अडकलो.

एक म्हणजे कलम ३७. बचावासाठी लागेल त्यापेक्षा जास्त इजा करायचा हक्क नाही. ठीक, यावर वाद घालता येतो. दुसरी जागा कलम ४०, आणि तिथे वाद घालता येईना. ते म्हणतं, हा हक्क सुरू होतो धोक्याची वाजवी भीती निर्माण होते तेव्हा, आणि टिकतो ती भीती टिकेपर्यंत. कोणी सुरुवात केली, कोण चांगला माणूस, कोणाची चूक मोठी, हे त्या वाक्यात कुठेच नाही. तिथे फक्त कधीपासून आणि कधीपर्यंत एवढंच आहे. आपल्या भाषेत सांगायचं तर ही परमिशन नाही, हे सेशन आहे. धोका संपला की एक्स्पायर. नंतर आलेली रिक्वेस्ट वेगळी मोजली जाते.

जय देव विरुद्ध पंजाब म्हणून साठच्या दशकातला निकाल आहे. शेताच्या ताब्यावरून भांडण, दोन्हीकडे माणसं, हत्यारं. न्यायालयाने मान्य केलं की आरोपींना बचावाचा हक्क होता. पण समोरच्यांचा एक माणूस गोळी लागून पडला आणि बाकीचे पळत सुटले. पळणाऱ्यांवरही गोळ्या झाडल्या गेल्या, माणसं मेली. त्या गोळ्या बचावाच्या नाहीत, असं न्यायालय म्हणालं. तीच बंदूक, तीच माणसं, तोच दिवस, मध्ये काही क्षण. हा निकाल लिहिणारे न्यायमूर्ती म्हणजे प्र. बा. गजेंद्रगडकर, आपल्या साताऱ्याचे, जे पुढे १९६४ मध्ये सरन्यायाधीश झाले. मला इंजिनिअरिंगच्या चार वर्षांत एकाही पुस्तकाने इतकं अस्वस्थ केलं नव्हतं. कारण माझा डिलिव्हरीवाला पळतही नव्हता, फोन उचलत होता.

आता मी हे सगळं ताईला सांगितलं. ताई म्हणजे माझी मोठी बहीण, ठाण्याला असते, रोज लोकलने जाते. मला वाटलं ती म्हणेल, किती प्रामाणिक माझा भाऊ. ती चिडली. म्हणाली, “तुझं सहा सेकंदांचं गणित तुझ्यापाशी ठेव. रात्री अकराला स्टेशनच्या पुलावर कोणी मागून आला आणि मी एकदा त्याला ढकलला, तर तो वाकलाय की उठतोय हे बघत थांबू? मी परत मारणार. उठूच नये इतकं मारणार.”

माझ्याकडे लगेच उत्तर नव्हतं. अजूनही तिचं म्हणणं खोडून काढावं असं वाटत नाही. कायदा तिच्या बाजूनेच बोलतो. भीती वाजवी असेल तर पहिला वार होईपर्यंत थांबायची गरज नाही, प्रयत्न किंवा धमकी पुरते, तेही कलम ४० मध्येच आहे. आणि पडलेला माणूस उठून परत धरेल ही भीती त्या पुलावर रास्त आहे. म्हणजे तिचा दुसरा फटका आणि माझा दुसरा फटका कॅमेऱ्यात सारखे दिसतील, पण ते सारखे नाहीत. ती सुटायला मारतेय. तिला तो माणूस तिथून नाहीसा झाला तरी चालेल. मला तो तिथे हवा होता. मी त्या सहा सेकंदांत लिफ्टकडे जाऊ शकत होतो, लिफ्ट उघडीच होती, फुटेजमध्ये दिसते. मी तिच्याकडे पाठ करून पुढे गेलो.

मग ताईच म्हणाली, “पण मग तुला घाबरायला झालं होतं की नाही?” झालं होतं ना. ढकललं तेव्हा खरंच घाबरलो होतो. आणि हेल्मेट मारलं तेव्हा? इथे गंमत आहे, गंमत म्हणजे वाईट गंमत. शरीरात दोन्ही वेळी तेच चालू होतं. छाती धडधडतेय, तोंड कोरडं, कान तापलेले. भीतीला आणि रागाला शरीर वेगळे कपडे देत नाही. त्यामुळे सहाव्या सेकंदालाही मला आतून वाटत होतं की मी घाबरलोय, मी वाचवतोय स्वतःला. मी खोटं बोलत नव्हतो. मला चुकीचं कळत होतं.

यावर एक जुना प्रयोग आहे, मला प्रचंड आवडतो. २००३ मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात आला, लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमधल्या लोकांनी केलेला. दोन माणसं समोरासमोर बसवली. एकाच्या बोटावर एका यंत्राने हलका दाब दिला. त्याला सांगितलं, जेवढा दाब तुला जाणवला तेवढाच समोरच्याच्या बोटावर दे. मग समोरच्याला सांगितलं, तुला जेवढा जाणवला तेवढाच परत दे. दोघांनाही माहीत नव्हतं की दुसऱ्याला काय सांगितलंय. राग नाही, भांडण नाही, पार्किंग नाही. तरी प्रत्येक फेरीत दाब सरासरी ३८ टक्क्यांनी वाढत गेला.

माझ्यातल्या इंजिनिअरने लगेच गुणाकार केला. १.३८ चा आठवा घात, साधारण १३. म्हणजे आठ फेऱ्यांत तेरापट, आणि दोघेही सांगणार की मी फक्त जेवढ्यास तेवढं दिलं. कारण असं की आपण स्वतः जो जोर लावतो त्याची जाणीव मेंदू कमी करून टाकतो. स्वतःला गुदगुल्या करता येत नाहीत ना, तेच. समोरच्याचा जोर पूर्ण जाणवतो, आपला कमी जाणवतो. घरात भावंडांची भांडणं आठवा. “आई, त्याने जास्त जोरात मारलं!” दोघंही तेच सांगायचे, आणि आई दोघांनाही खोटं ठरवायची. दोघंही खरं बोलत होते बिचारे.

म्हणून “मी त्याच्याएवढंच केलं” हे वाक्य मी आता कोणाच्याच तोंडून सहज मान्य करत नाही. माझ्या तर नाहीच.

पण बोटांच्या प्रयोगात एक गोष्ट नाही. समोरचा माणूस कोण आहे. ती गोष्ट मला नंतर एका अमेरिकन खटल्यात सापडली. हा खटला जरा वेळ घेऊन सांगतो, कारण यात सगळं आहे.

न्यूयॉर्क, २२ डिसेंबर १९८४. भुयारी रेल्वे, दुपारची वेळ. बर्नहार्ड गोएट्झ नावाचा ३७ वर्षांचा गोरा माणूस डब्यात बसला. इलेक्ट्रॉनिक्सचा धंदा करायचा, म्हणजे आपल्यातलाच. डब्यात चार कृष्णवर्णीय पोरं होती, अठरा-एकोणीस वर्षांची. त्यातल्या एक-दोघांनी त्याच्याजवळ येऊन पाच डॉलर मागितले. गोएट्झने कमरेचं रिव्हॉल्व्हर काढलं आणि पाच गोळ्या झाडल्या. चौघंही जखमी. कोणी मेलं नाही, पण एका पोराच्या मणक्याला गोळी लागली आणि तो कायमचा अपंग झाला. गोएट्झ निघून गेला आणि नऊ दिवसांनी दुसऱ्या राज्यात पोलिसांसमोर हजर झाला.

शहर तेव्हा लुटालुटीने हैराण होतं. लोकांनी त्याला डोक्यावर घेतलं. आमच्या ग्रुपवरचं सिंहाचं स्टिकर आठवा, तसंच, फक्त अख्ख्या शहराचं. आणि त्याचीही बाजू होती: १९८१ मध्ये त्याला खरंच मारहाण करून लुटलं होतं. त्यानंतर त्याने पिस्तुलाचा परवाना मागितला, मिळाला नाही, मग विनापरवाना बाळगायला लागला. त्याची भीती खोटी नव्हती.

पण पोलिसांना त्याने जो जबाब दिला तो टेपवर आहे. त्यात तो स्वतःच सांगतो की त्या पोरांपैकी कोणाकडे बंदूक नाही याची त्याला खात्री होती. पहिल्या गोळ्यांनंतर तो एका बसलेल्या पोराकडे बघून म्हणाला, की तुला तर फारसं काही झालेलं दिसत नाही, ही घे अजून एक. आणि झाडली. अजून गोळ्या असत्या तर पुन्हा पुन्हा झाडल्या असत्या, असंही त्याने सांगितलं. खटल्यात त्या शेवटच्या गोळीवरून बरीच ओढाताण झाली, ती नक्की कोणाला लागली, तो खरंच तसं बोलला का. पण जबाब त्याचाच होता.

मी ते वाचलं तेव्हा मला माझा हेल्मेटचा पट्टा दिसला.

१९८६ मध्ये तिथल्या राज्याच्या सर्वोच्च न्यायालयासमोर मुद्दा आला: भीती त्याला वाटली एवढं पुरेसं आहे, की त्याच्या जागी असलेल्या शहाण्या माणसालाही ती वाटली असती हे बघायचं? न्यायालय म्हणालं, नुसतं वाटणं पुरत नाही. ते वाजवी असलं पाहिजे. मात्र त्याचे पूर्वीचे अनुभव, प्रसंग, समोरच्यांची अंगकाठी हे विचारात घ्या. १९८७ मध्ये ज्यूरीने त्याला खुनाच्या प्रयत्नातून निर्दोष सोडलं, फक्त बेकायदा हत्यार बाळगल्याबद्दल दोषी धरलं. आणि १९९६ मध्ये त्या अपंग झालेल्या मुलाने लावलेल्या दिवाणी दाव्यात दुसऱ्या ज्यूरीने गोएट्झला ४ कोटी ३० लाख डॉलर भरपाई द्यायला सांगितली. माणूस एक, प्रसंग एक, गोळ्या त्याच, उत्तरं दोन. रेषा पुसट आहे म्हणतात ती अशी.

मला छळणारा प्रश्न ज्यूरीचा नाहीच. तिथे चार गोरी पोरं सूट घालून पाच डॉलर मागायला आली असती, तर गोएट्झचा हात कमरेकडे गेला असता का? मी न्यूयॉर्कमध्ये नव्हतो, मला तो प्रश्न विचारायचा अधिकार नाही. मग माझाच घेतो. त्या रात्री माझ्या जागेत आमच्या चेअरमनची गाडी असती आणि त्यांनी माझ्यासमोर दोन्ही हात वर घेतले असते, तर मला वाटलं असतं का की ते मारतायत? मी म्हणालो असतो, “काय झालं काका?” हेल्मेट कोपरातच राहिलं असतं.

म्हणजे कोणाला घाबरायचं हे माझ्या शरीराने आधीच ठरवून ठेवलं होतं. मी कधी ठरवलं ते मला माहीत नाही. पण ग्रुपवर “या लोकांना” हा शब्द आला तेव्हा मला खटकला नव्हता, एवढं माहीत आहे.

आता राहिलेली गोष्ट.

मी त्याला शोधायचं ठरवलं. अ‍ॅपवरून नंबर मिळत नाही, तो लपवलेला असतो, आणि लपवलेला असावा हेच बरोबर. शेवटी गेटवरची वही कामाला आली. वॉचमन काकांनी नंबर दिला, वर म्हणाले, “माझं नाव सांगू नका, साहेब.” आणि मग थोडं थांबून, “पोरगं चांगलं आहे, माझ्याकडे पाणी पितं.” घटनेनंतर दहा दिवस झाले होते, काका रोज मला नमस्कार करत होते, आणि हे वाक्य त्यांनी तोपर्यंत बोललं नव्हतं. मी विचारलंही नव्हतं.

फोन लावला. त्याला वाटलं ऑर्डरचा आहे. मी कोण ते सांगितलं. पलीकडे बराच वेळ गाड्यांचे आवाज. मग म्हणाला, “बोला दादा.”

मी माफी मागितली. नीट मागता आली नाही, पाठ केलेलं सगळं विसरलो. मी म्हणालो, “तू हात उगारलास असं मला वाटलं.” तो म्हणाला, “हात कुठे उगारला दादा? तुम्ही काहीतरी बोलत होता, हेल्मेटमध्ये ऐकूच येईना. हेल्मेट काढत होतो.”

परत फुटेज बघितलं. हो. हात हनुवटीच्या पट्ट्याकडे जातायत.

इथे मी स्वतःची बाजू एकदाच घेतो. ढकलणं, मला अजूनही वाटतं, समजण्यासारखं आहे. काच खाली असलेलं हेल्मेट, अंधुक पार्किंग, दोन पावलं पुढे, हात वर. चूक झाली, पण त्या क्षणी माझ्यासारख्या दुसऱ्या कोणालाही झाली असती; कदाचित. वर चेअरमनचं जे बोललो त्यानंतर तेवढंही ठामपणे म्हणवत नाही. हेल्मेटचं मात्र काहीच नाही. ती साधी मारहाण आहे. न्याय संहितेत तिच्यासाठी कलम ११५ आहे, एक वर्षापर्यंत कैद किंवा दहा हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही. मी त्याला सांगितलं, तुला पोलिसांत तक्रार करायची असेल तर कर, फुटेज मी देतो. तो हसला. म्हणाला, “पोलीस स्टेशनला बसायला वेळ कुणाला आहे दादा. दिवस जातो.”

कानात दोन दिवस शिट्टीसारखं वाजत होतं म्हणाला, आता बरं आहे. फोनची काच त्याने बदलून घेतली होती. ते पैसे मी पाठवले, त्याने मोजून तेवढेच घेतले, वरचे परत पाठवले. त्याला दुसरंच हवं होतं. काकूंच्या तक्रारीमुळे त्याचा आयडी सहा दिवस बंद होता. सहा दिवस पाण्यात. “ती तक्रार तेवढी मागे घ्यायला सांगा. रेकॉर्डला राहते.”

मी काकूंकडे गेलो. त्या दुखावल्या. “अरे, मी तुझ्यासाठीच केली ना?” त्यांनी अ‍ॅप उघडून दिलं. तक्रार करायला चार पर्याय होते, मागे घ्यायला एकही नव्हता. मी ईमेल केला, फुटेज जोडलं, चूक माझी होती असं लिहिलं. दोन दिवसांनी उत्तर आलं की आपल्याला झालेल्या गैरसोयीबद्दल दिलगीर आहोत, प्रकरण बंद करण्यात आलं आहे. गैरसोय मला झाली होती म्हणे. पुन्हा लिहिलं, पुन्हा तेच उत्तर. तिसऱ्यांदा तेही आलं नाही.

ग्रुपवरही फुटेज टाकलं, खाली लिहिलं की मी जे सांगितलं होतं ते खरं नव्हतं, तो फोन उचलत होता. दोन अंगठे आले. एकाने लिहिलं, “कशाला विषय वाढवतोस, संपला ना.” मग कुणीतरी पाण्याच्या टँकरचं विचारलं आणि ग्रुप पुढे गेला. वकील मित्राचा मात्र अर्ध्या तासात फोन आला, तो काय बोलला ते सोडून देऊ.

नोव्हेंबरमध्ये तो परत गेटवर दिसला. दुसऱ्या कंपनीचा टी-शर्ट होता. हेल्मेट घातलेलं. मला बघून त्याने ओळखलं आणि काच वर करायला हात वर घेतला. आणि मी एक पाऊल मागे सरलो. आता मला माहीत होतं तो काय करतोय, तरी सरलो. त्याने ते बघितलं. हात तिथेच थांबवला, मग अगदी सावकाश काच वर केली, आणि म्हणाला, “बी विंग कुठल्या बाजूला, दादा?”

मी दाखवली.

तुमच्याही असे सहा सेकंद असतील तर मेल करा, नाव न घेता वाचेन. पुढच्या शनिवारी भेटू.